खैरे सरांच्या पुस्तकांमागे सुरगाण्यापर्यंत

हा प्रवास मी हौसेने केला नाही. परतल्यावर तिघाचौघांनी विचारलं, "नाशिकला जाऊन आलात म्हणे, बागा बघितल्या का?" बागा बघितल्या. पण मी गेले होते ती एका पुस्तकाची एकच प्रत आणायला, आणि त्या सहा दिवसांत माझं डोकं बहुतेक वेळ तापलेलं होतं. लिहिताना ते पुन्हा तापणार आहे, तेव्हा वाचणाऱ्याने सांभाळून घ्यावं.

मी गारगोटीजवळच्या एका कॉलेजात इंग्रजी शिकवते. एम.ए. मात्र नाशिकला केलं, कारण तेव्हा वडिलांची बदली तिथे होती. अनंत खैरे सर तिथे मला शिकवायला होते. सर जन्मभर एकाच विषयाच्या मागे लागले. जहाजातून उतरून अमेरिकेच्या किनाऱ्यावर वस्ती करणाऱ्या पहिल्या इंग्रजांनी आपला इतिहास कसा लिहिला, हा तो विषय. त्यांचे गव्हर्नर, त्यांचे धर्मगुरू, त्यांच्या रोजनिशा, त्यांची प्रवचनं, त्यांच्या कविता. सरांनी त्यावर दोन पुस्तकं इंग्रजीत लिहिली आणि तिसरं मराठीत. मराठी पुस्तकाचं नाव 'रिकाम्या रानाची बखर'. ते स्वतः अमेरिकेला कधीच गेले नाहीत. पुस्तकं बोटीने मागवायची, महिनोन्‌महिने वाट बघायची, आणि पार्सल आलं की त्या दिवशीचे तास विद्यार्थ्यांनी सोडून द्यायचे, असा त्यांचा खाक्या.

सर जाऊन चार वर्षं झाली. गेल्या दिवाळीत कोल्हापूरचे एक प्रकाशक 'बखरी'ची नवी आवृत्ती काढायला तयार झाले. सरांनी आपल्या स्वतःच्या प्रतीत पानोपानी दुरुस्त्या करून ठेवल्या होत्या, हे मला माहीत होतं. ती प्रत त्यांच्या सगळ्या संग्रहाबरोबर त्यांच्या जुन्या कॉलेजला देणगी दिली होती. आणि ती देणगी द्या असं सरांच्या पत्नीला सांगणारी मीच.

इंदिरानगर

नलिनीकाकू, म्हणजे सरांच्या पत्नी, इंदिरानगरात दुसऱ्या मजल्यावर राहतात. वय अठ्ठ्याहत्तर, गुडघे सोडले तर सगळं धड. दार उघडल्यावर त्या पहिलं वाक्य बोलल्या ते असं: "अजून 'मी आलो' म्हणतेस की सुधारलीस?" आमच्या कोल्हापुरात बायका आलो-गेलोच म्हणतात, आणि सर वर्गात मला त्यावरून हसायचे.

जेवायला काळ्या मसाल्याची आमटी होती. आमच्याकडची कांदा-लसूण चटणीची आमटी दिसायला लाल आणि जिभेला झणझणीत. ही दिसायला रात्रीसारखी काळी, आणि चवीला खोल, जरा गोडसर. मी तीनदा वाढून घेतली. हॉलमधल्या एका भिंतीलगत फरशीवर कपाटांच्या पायांचे चार-चार खुणांचे चौकोन अजून तसेच होते. काकूंनी तिथे दुसरं काही ठेवलेलं नाही.

"कॉलेजने पुस्तकं नीट ठेवलीत ना गं?" त्यांनी विचारलं. "मला जिने चढवत नाहीत, म्हणून मी गेले नाही कधी. पण दारावर यांच्या नावाची पाटी लावलीय, त्याचा फोटो पाठवला होता त्यांनी."

मी म्हटलं, उद्या बघून येते.

पाटी होती. 'प्रा. अनंत खैरे ग्रंथसंग्रह', पितळेची, चकचकीत. दार उघडलं तर आत एकही पुस्तक नव्हतं. भिंतींना काळा स्पंज, मधोमध गोल दिवा, कॅमेरा, आणि हिरवा पडदा. दोन मुली तिथे कॉलेजची जाहिरात चित्रित करत होत्या. त्यांनी मला हळू आवाजात सांगितलं की मध्येच दार उघडू नका, आवाज येतो.

प्राचार्य तरुण होते आणि वागायला अतिशय नम्र. त्यामुळे माझा राग आणखी वाढला. "मॅडम, तपासणी समिती येणार होती. जागेची अडचण होती. आणि खरं सांगायचं तर अर्ली अमेरिकन इथे कोण वाचतं? एकदाही कुणी पुस्तक नेलेलं नाही."

"नोंद केली होती का पुस्तकांची?"

त्यांनी ग्रंथपाल अहिरेबाईंकडे पाहिलं. अहिरेबाई खाली बघत म्हणाल्या, "पेट्या उघडल्याच नव्हत्या सर. उघडू नका, असं सांगितलं होतं."

"मग न उघडलेल्या पेटीतलं पुस्तक कुणी न्यायचं कसं?" मी विचारलं.

पुस्तकं आता कुठे आहेत, हेही विचारलं. संग्रह एका सजावटकाराला देऊन टाकला होता. दिंडोरीच्या बाजूला एका वाइनरीत 'लायब्ररी थीम'चं काम चाललं होतं. "पुस्तकांना चांगलं घर मिळालं," प्राचार्य म्हणाले. मी उठले. पाटी काढून द्या म्हटलं, तर म्हणाले की त्यासाठी व्यवस्थापनाचा ठराव लागेल. पुस्तकं घालवायला ठराव लागला नव्हता.

संध्याकाळी मी काकूंना खरं सांगितलं नाही. "बघतेय, शोधतायत," एवढंच म्हटलं. ते खोटं बोलण्याचा रागही त्या प्राचार्यांच्याच खात्यावर टाकला, पण तो माझा होता.

दिंडोरी

एसटीने दिंडोरी तासाभरावर. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना बागा, मांडवावर घडच घड, आणि ट्रॅक्टरच्या मागून फवाऱ्याचं पांढरं धुकं. आमच्याकडे ऊस उभा असतो, त्यात माणूस शिरला की दिसत नाही. इथे मांडवाखाली माणसं स्वच्छ दिसतात. डोक्याला फडकं बांधलेल्या बायका हात वर करून एकेका घडातले बारके मणी कात्रीने काढत होत्या. दिवसभर हात वर. मी पाच मिनिटं फळ्यावर लिहिलं की माझा खांदा दुखतो.

वाइनरीचं नाव मी लिहीत नाही. इमारत सुंदर आहे, हे कबूल करते. आत चव घेण्याचा मोठा दिवाणखाना, आणि त्याच्या तिन्ही भिंतींवर छतापर्यंत पुस्तकं. मला क्षणभर हायसं वाटलं. सरांच्या हातची कव्हरं मी ओळखली. मग मी एक पुस्तक काढायला गेले. ते निघेना.

"मॅम, ती फिक्स आहेत," व्यवस्थापक मिहिर म्हणाला. तिशीतला, पांढरा शर्ट. "डिस्प्लेसाठी."

मी दुसरं ओढलं. ते निघालं, आणि माझ्या हातात पुस्तकाचा कणा आणि त्याला चिकटलेला चार बोटं रुंदीचा कागद आला. बाकीचं पुस्तक नव्हतंच. फळ्या उथळ होत्या, म्हणून सगळी पुस्तकं करवतीने उभी कापली होती.

हातात होतं ते सरांचं दुसरं इंग्रजी पुस्तक. लढाईत मूळ रहिवाशांच्या हाती सापडलेल्या आणि सुटून आल्यावर आपली कहाणी लिहिणाऱ्या वसाहतीतल्या बायकांवरचं. या बायकांना उपासमारीत ज्यांनी आपल्यातला घास दिला, त्या पलीकडच्या बायकांचं नावही या कहाण्यांत नसतं, हे सरांनी त्यात एकेक उदाहरण काढून दाखवलं होतं. आता प्रत्येक ओळीचे शेवटचे दोन-तीन शब्द उरले होते. मी ते पान उभ्याने वाचत राहिले. त्यातून काहीच वाक्य होत नव्हतं.

मिहिरने मला बसायला खुर्ची दिली आणि द्राक्षाचा रस आणला. "गेस्ट लोकांना हा कोपरा खूप आवडतो," तो म्हणाला. "इथेच फोटो काढतात."

"कापलेली पुस्तकं आहेत हे माहीत असतं त्यांना?"

"कुणी हात लावत नाही ना मॅम."

मी त्याला खूप बोलले. काय बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. वर्गात पोरं घाबरतात तो आवाज लागला होता. त्या मुलाने सगळं ऐकून घेतलं आणि शेवटी म्हणाला, "मी इथे लागलो तेव्हा भिंत झालेली होती." तेही खरं होतं. मग त्याने स्वतःहून सांगितलं की सगळी पुस्तकं वापरली गेली नाहीत, वॉचमनला विचारा.

वॉचमन यशवंत भोये फाटकाशी बसला होता. पन्नाशीचा, सुरगाण्याकडचा. "मराठी बुकं व्हय? ती तो सजावटवाला बाहेर टाकून देत व्हता. म्हने, ह्यांची कव्हरं मऊ हायती, भिंतीला शोभत नाय. दोन गोण्या भरल्या. मी जीपवर टाकून आमचे गावाले शाळंत दिल्या. तठं गावित मॅडम हायती, त्यांला वाचायचा लय नाद."

म्हणजे सरांची मराठी पुस्तकं बचावली ती दिसायला गरीब होती म्हणून. मला हसावं की रडावं ते कळेना.

यशवंतची बायको जवळच्याच बागेत कामाला होती. बांधाच्या कडेला ताडपत्रीच्या आठ-दहा खोपट्या, तिथे तिने मला नागलीची भाकरी आणि खुरासणीची, म्हणजे कारळ्याची, चटणी खायला दिली. नागली म्हणजे आमची नाचणी. पण आम्ही ती आजाऱ्याला आंबील करून देतो, इथे ती दोन वेळचं जेवण आहे. ती म्हणाली, "आमचा गाव आता बंदच हाय बाई. दिवाळी झाली का आमी इकडं. म्हातारी मानसं न शाळंतली पोरं, येवढीच तठं."

सुरगाण्याकडे

वणीपर्यंत एसटी, पुढे काळी-पिवळी जीप. पुढच्या सीटवर ड्रायव्हर धरून आम्ही चौघं. बोरगावला रस्त्याच्या कडेला स्ट्रॉबेरी विकायला होत्या. स्ट्रॉबेरी म्हणजे महाबळेश्वर अशी आमची समजूत, म्हणून मी कौतुकाने एक डबा घेतला आणि मांडीवर ठेवला. घाटातल्या तिसऱ्या वळणावर शेजारचे आजोबा डुलकी घेत माझ्यावर आले, आणि डबा, माझी साडी आणि टिपणांची वही असं सगळंच लाल झालं. आजोबा जागे होऊन म्हणाले, "भिजली का गं? वाळंल." आणि पुन्हा झोपले.

डोंगर उतरत गेले तशी भातखाचरं दिसू लागली, कापणी होऊन गेलेली, फक्त खुंट. कुडाच्या भिंतींची घरं, अंगण शेणाने स्वच्छ सारवलेलं, आणि दाराला बाहेरून दोरी बांधलेली. घरामागून घरं अशीच. ज्याला माहीत नाही त्याने शपथेवर सांगितलं असतं की इथे कुणी राहत नाही.

यशवंतच्या गावची, मोहपाड्याची, शाळा टेकडीच्या पायथ्याशी. ललिता गावित चाळिशीच्या आतल्या, इतिहास शिकवतात, त्याच गावच्या. मी नाव-गाव सांगून 'बखरी'चं नाव काढलं तशा त्या आत गेल्या आणि खाकी कागदाचं कव्हर घातलेलं पुस्तक घेऊन आल्या. सरांचीच प्रत. हिरव्या शाईतलं त्यांचं बारीक अक्षर पानोपानी. मला भरून आलं. पुढच्याच पानावर त्या हिरव्या अक्षराखाली पेन्सिलीने आणखी काहीतरी लिहिलेलं दिसलं. त्याच्या पुढच्या पानावरही. सगळीकडे.

"हे काय केलंत तुम्ही?" मी म्हणाले. दिंडोरीचा उरलेला राग माझ्या आवाजात होता. "ही लेखकाची प्रत आहे. दुरुस्त्यांची. यात कुणी लिहितं का?"

ललिताताई शांतपणे म्हणाल्या, "ताई, पुस्तक गोणीतून आलं. आधी ज्यांनी लिहिलं होतं त्यांना मी ओळखत नव्हते, पण ते बोलत होते. मी उत्तर दिलं. तुम्ही वाचून तर बघा."

मी वाचलं. तिसऱ्या प्रकरणात सरांनी दाखवलं आहे की वसाहतकारांनी पहिल्यांदा आत जाऊन पाहिलं तेव्हा त्यांना साफ केलेली शेतं दिसली, घरं दिसली, पुरून ठेवलेलं धान्य सापडलं. माणसं काही साथीने मेली होती, काही हंगामाप्रमाणे दुसरीकडे गेली होती. इतिहासात मात्र लिहिलं गेलं की रान रिकामं होतं, देवाने आमच्यासाठीच ठेवलं होतं. त्याखाली ललिताताईंनी पेन्सिलीने लिहिलं होतं: 'आमच्याकडे नळाच्या योजनेची पाहणी जानेवारीत झाली. आमच्या पाड्याच्या नावापुढे वस्ती नाही असं लिहिलं.'

"खरंच?" मी विचारलं.

"साहेब जीपमधून उतरलेसुद्धा नाहीत. दारं बांधलेली दिसली, लिहून मोकळे. मी तीन वेळा कचेरीत गेले. पहिल्या वेळी म्हणाले, नियमात बसत नाही. दुसऱ्या वेळी म्हणाले, साहेब रजेवर. तिसऱ्या वेळी मी हे पान घेऊन गेले आणि वाचूनच दाखवलं. म्हटलं, लोकं द्राक्षं तोडायला गेलीत, मेली नाहीत. होळीला या, मोजा."

"आले?"

"आले होळीनंतर. नावं चढली. नळ अजून नाही आला, पण आता वस्ती नाही असं कुणाला म्हणता येणार नाही."

सरांना लोक नेहमी विचारत, नाशकात बसून तुम्हाला त्या जुन्या गोऱ्यांच्या बखरींचं काय करायचंय? सर हसून विषय बदलत. मीही त्यांना हे एकदा विचारलं होतं.

दोन दिवस मी शाळेतच मुक्काम केला. ललिताताई वाचायच्या, मी लिहून घ्यायचे. जेवायला उडदाची आमटी, भाकरी. पाहुण्याला इथे भाकरीचा आग्रह करत नाहीत, संपली की न बोलता दुसरी ताटात पडते. चौथी पडल्यावर मी हात आडवा धरायला शिकले.

दुसऱ्या दिवशी दुपारी शेवटचं प्रकरण आलं. छापील वाक्य असं होतं: 'मूळ रहिवाशांनी मात्र आपला इतिहास राखला नाही.' हिरव्या शाईने ते इतकं जोरात खोडलं होतं की कागद फाटला होता. समासात सरांनी लिहिलं होतं: 'खोटं. वाटेवरच्या खड्ड्यांची हकिगत याच लोकांच्या ग्रंथात आहे. मी ती कितीदा वाचली. तरी हे लिहिलं. लाज वाटते.'

ती हकिगत मला आठवत होती. वसाहतीतल्या एकाने लिहून ठेवलं आहे की काही मोठं घडलं तर तिथले लोक त्या जागी वाटेच्या कडेला गोल खड्डा खणत. येणाराजाणारा तो साफ करी आणि सोबतच्याला गोष्ट सांगे. अशाने एकही गोष्ट हरवत नसे.

सर जन्मभर दुसऱ्यांच्या इतिहासातल्या गाळलेल्या माणसांवर चिडत राहिले, आणि शेवटी तितकंच स्वतःवर चिडले. त्या फाटलेल्या कागदाकडे बघून मला वाटलं, पेट्या न उघडणारे आणि पुस्तकं कापणारे यांना मी जे बोलले ते कमीच होतं. आणि चार वर्षांत एकदाही नाशिकला न येणाऱ्या बाईला, म्हणजे मला, कुणीच काही बोललं नव्हतं.

त्या समासाखाली ललिताताईंच्या पेन्सिलीने अर्धं पान भरलं होतं. मोहपाड्याच्या वाटांवर ज्या ज्या ठिकाणी लोक जाता-येता दगड ठेवतात किंवा पाला टाकतात, त्या जागा आणि प्रत्येक जागेची गोष्ट.

"मी प्रत घेऊन जाणार होते," मी म्हणाले.

"माहीत आहे."

"आता नेत नाही. सगळं उतरवून झालंय. पण तुमचं लिहिलेलंही छापायचं आहे, तुमच्या नावाने. काकूंना विचारते."

शाळेमागच्या टेकाडावर चढलं की फोन लागतो. तिथे उभी राहून मी काकूंना सगळं सांगितलं, कॉलेजचंही, करवतीचंही. त्या म्हणाल्या, "त्या खोडलेल्या वाक्याचं काय करणार आहेस? गाळू नकोस. खोडलेलं दिसलं पाहिजे, तसं छाप. आणि त्या बाईंचंही छाप."

खाली आल्यावर मी हे ललिताताईंना सांगितलं, तर त्यांनी मान हलवली. "माझं एकटीचं नाव नको. गोष्टी मी सांगितलेल्या नाहीत. ज्यांनी सांगितल्या त्यांची नावं टाका, बापाच्या नावासकट."

संध्याकाळी आम्ही गावात फिरलो. घरी असलेली म्हातारी माणसं अंगणात येऊन बसली, आणि मी वहीच्या लाल झालेल्या पानांवर नावं लिहीत गेले. अकरा नावं झाली. शेवटच्या राधीबाई, वय त्यांनाही माहीत नाही. त्यांनी माझ्या हातातल्या वहीकडे बोट करून म्हटलं, "काय लिवलं, ते वाच."

मी वाचलं.

"माझा बाप भिवा नाय," त्या म्हणाल्या. "भिका. खोड ते न नीट लिव."

मी खोडलं आणि नीट लिहिलं. त्यांनी ते पुन्हा वाचायला लावलं.